शाळेला सुट्टी, थंडीला नाही

जानेवारी उजाडला की उत्तर भारतातील पालकांचे लक्ष रात्री उशिरापर्यंत मोबाइलकडे लागलेले असते. उद्या शाळा आहे की नाही, असली तर किती वाजता आणि कोणत्या इयत्तेपासून पुढे, याचा आदेश जिल्हाधिकारी कार्यालयातून यायचा असतो. दिल्ली, उत्तर प्रदेश, बिहार, पंजाब, हरियाणा, राजस्थान या राज्यांत थंडी आणि धुक्यामुळे शाळा बंद ठेवण्याचे आदेश जवळपास दर हिवाळ्यात निघतात. दोन-तीन दिवसांची म्हणून जाहीर झालेली सुट्टी अनेकदा वाढत जाते. तिकडे अमेरिकेतही याच महिन्यांत हिमवादळे आणि ध्रुवीय वाऱ्यांमुळे शाळांना कुलपे लागतात. फरक इतकाच, की शिकागोत शाळा बंद होते तेव्हा पारा उणे २५ ते ३० अंशांवर असतो. पाटण्यात तो अधिक सहा-सात अंशांवर असतानाही तोच निर्णय घ्यावा लागतो.

मग पाटण्याचा निर्णय अतिरेकी म्हणायचा का? जानेवारी २०२४ मध्ये बिहारमध्ये हाच वाद उघडपणे रंगला. पाटण्याच्या जिल्हाधिकाऱ्यांनी आठवीपर्यंतचे वर्ग थंडीमुळे बंद ठेवले. त्यावर राज्याच्या शिक्षण विभागाचे तेव्हाचे अतिरिक्त मुख्य सचिव के. के. पाठक यांनी विभागीय आयुक्तांना पत्र लिहून आक्षेप घेतला. दुकाने, चित्रपटगृहे, मॉल आणि खासगी शिकवणी वर्ग सुरू राहतात. मग ही थंडी फक्त शाळेतच कशी बाधते, असा त्यांच्या पत्राचा रोख होता. विभागाच्या परवानगीशिवाय शाळा बंद करू नयेत, असेही त्यांनी बजावले. जिल्हा प्रशासनाने फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम १४४ कडे बोट दाखवले आणि जिवाला धोका असेल तर असा आदेश काढण्याचा आपल्याला अधिकार आहे, अशी भूमिका घेतली. (ही तरतूद आता भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १६३ मध्ये आहे.)

वाद अधिकाराचा झाला आणि त्यात मूळ प्रश्न बाजूला पडला. थंडी मुलाला नेमकी कुठे गाठते: शाळेच्या वाटेवर, वर्गात की घरी? या तीन ठिकाणांची उत्तरे वेगळी आहेत आणि त्यानुसार उपायही वेगळे आहेत. शाळा बंद करण्याने त्यांपैकी पहिल्या दोन ठिकाणांची चिंता मिटते. तिसऱ्या ठिकाणाची जबाबदारी मात्र गुपचूप पालकांच्या अंगावर पडते.

पारा एक, थंडी दोन प्रकारची

भारतीय हवामानशास्त्र विभागाच्या व्याख्येनुसार मैदानी भागात किमान तापमान १० अंश सेल्सिअस किंवा त्याखाली गेले आणि ते सरासरीपेक्षा ४.५ ते ६.४ अंशांनी कमी असले, तर ती थंडीची लाट. घट ६.४ अंशांपेक्षा जास्त असेल तर तीव्र लाट. पारा थेट ४ अंशांवर किंवा खाली आला, तर सरासरी न बघताही लाट जाहीर होते आणि २ अंशांवर ती तीव्र मानली जाते.

याच विभागाची आणखी एक व्याख्या आहे, जी बातम्यांत फारशी दिसत नाही. ती म्हणजे ‘थंड दिवस’. किमान तापमान १० अंश किंवा त्याखाली असताना दिवसाचे कमाल तापमान सरासरीपेक्षा ४.५ अंश किंवा अधिक खाली राहिले, तर तो थंड दिवस. शाळेच्या दृष्टीने ही दुसरी व्याख्या पहिलीपेक्षा महत्त्वाची आहे.

त्याचे कारण साधे आहे. किमान तापमान नोंदवले जाते ते पहाटे, साधारण सूर्योदयाच्या सुमारास. त्या वेळी मुले अंथरुणात असतात, निदान असायला हवीत. आकाश निरभ्र असेल तर रात्री जमिनीतली उष्णता झपाट्याने निघून जाते आणि पहाटे पारा खाली येतो. पण सकाळी दहापर्यंत ऊन चढते आणि दुपारी १८-२० अंशांपर्यंत ऊब येते. अशा दिवशी शाळा दोन तास उशिरा भरवली आणि मुलांना अंगणात उन्हात बसवले, की बराचसा प्रश्न सुटतो.

थंड दिवसाचे तसे नाही. हिमालयाच्या बाजूने पश्चिमी झंझावात येऊन गेला, की त्याने आणलेला ओलावा गंगेच्या मैदानावर रेंगाळतो. वारा पडलेला असतो. जमिनीलगतची हवा गार आणि वरची तुलनेने उबदार, असा उलटा थर तयार होतो आणि खालचे धुके, धूर, धूळ त्याच्याखाली कोंडली जाते. सूर्यकिरण जमिनीपर्यंत पोहोचत नाहीत. ३० डिसेंबर २०१९ रोजी दिल्लीच्या सफदरजंग केंद्रावर दिवसाचे कमाल तापमान ९.४ अंश इतकेच राहिले. एरवी त्या दिवसांत ते २० अंशांच्या आसपास असते. १९०१ पासूनच्या नोंदींत डिसेंबरमधला तो सर्वांत गार दिवस ठरला. अशा दिवशी शाळा आठला भरवा की अकराला, वर्गातली थंडी तीच राहते. विटा-सिमेंटच्या भिंती आठवडाभर ऊन न मिळाल्याने आतून गार पडलेल्या असतात आणि फरशी हाताला टोचते.

म्हणजे एकच ‘थंडी’ दोन वेगळे निर्णय मागते. निरभ्र आकाशाच्या लाटेत वेळ बदलावी. धुक्याच्या सलग थंड दिवसांत धाकट्यांचे वर्ग बंद ठेवण्याचा विचार करावा. प्रत्यक्षात आदेश निघतो तो बहुतेक वेळा पहाटेच्या आकड्याकडे बघून.

वाटेवरचा धोका

शाळा आणि थंडी यांच्या इतिहासातली सर्वांत भयंकर घटना १२ जानेवारी १८८८ ची आहे. अमेरिकेच्या नेब्रास्का, डकोटा आणि मिनेसोटा या गवताळ पट्ट्यात त्या दिवशी सकाळी हवा सुखद होती. आधीच्या कडाक्यानंतर उबदार दिवस उजाडला म्हणून मुले जाड कोट न घालताच शाळेत गेली. दिवसा अचानक हिमवादळ आले, पारा झरझर उतरला आणि उडत्या बर्फात हातभर अंतरावरचे दिसेनासे झाले. घरी निघालेली अनेक मुले वाटेतच गोठली. सुमारे २३५ जण दगावल्याचे सांगितले जाते आणि इतिहासात ते ‘शाळकरी मुलांचे हिमवादळ’ म्हणूनच ओळखले जाते. जिथे मुलांना रात्रभर शाळेतच रोखून धरता आले, तिथे ती वाचण्याची शक्यता जास्त होती.

आज असे वादळ चार-पाच दिवस आधी नकाशावर दिसते. तरीही निर्णयाला उशीर झाला तर काय होते, हे २८ जानेवारी २०१४ रोजी अटलांटा शहराने दाखवले. तिथे जेमतेम दोन-तीन इंच बर्फ पडला. दुपारी शाळा, कचेऱ्या आणि दुकाने एकाच वेळी सुटली, रस्ते गोठले आणि वाहने जागच्या जागी अडकली. कित्येक मुलांनी ती रात्र शाळेच्या व्यायामशाळेत किंवा बसमध्ये काढली. शाळा सकाळीच बंद ठेवली असती किंवा मुलांना दिवसभर शाळेतच ठेवायचे ठरले असते, तर हे टळले असते.

अमेरिकेतील कडाक्याच्या थंडीत शाळा बंद ठेवण्यामागे वाटेचाच विचार मुख्य असतो. ३० जानेवारी २०१९ रोजी शिकागोत पारा उणे ३१ अंशांच्या जवळ गेला आणि वाऱ्यामुळे जाणवणारी थंडी उणे ४५ च्याही खाली उतरली. शहरातील सार्वजनिक शाळा दोन दिवस बंद राहिल्या. वारा त्वचेलगतचा उबदार हवेचा पातळ थर सतत उडवून नेतो, म्हणून तेच तापमान वाऱ्यात जास्त बोचते. अमेरिकी हवामान खात्याच्या तक्त्यानुसार उणे १८ अंश तापमान आणि ताशी २४ किलोमीटरचा वारा असेल, तर उघड्या त्वचेला अर्ध्या तासात हिमदंश होऊ शकतो. शिकागोतल्या त्या दिवशी ही मुदत दहा मिनिटांच्या आसपास आली होती. बसथांब्यावर उभ्या असलेल्या मुलासाठी दहा मिनिटे फार नसतात. त्यात इतक्या थंडीत डिझेलमधील मेण गोठून बसच्या इंधननळ्या तुंबतात, म्हणजे बस वेळेवर येईलच याची खात्री नाही.

उत्तर भारतात हिमदंशाची भीती नाही. तिथे वाटेवरचा शत्रू धुके आहे. अति दाट धुक्यात ५० मीटरच्या पलीकडचे दिसत नाही. ताशी ४० किलोमीटर वेगाने जाणारी शाळेची बस हे अंतर साडेचार सेकंदांत कापते. समोर उभा असलेला ट्रक दिसून ब्रेक लागेपर्यंत त्यातला निम्मा वेळ संपलेला असतो. सायकलवर किंवा पायी शाळेत जाणाऱ्या मुलांना तर महामार्गाच्या कडेने जावे लागते. पंजाब आणि हरियाणात धुक्याच्या दिवसांत शाळा उशिरा भरवतात, ते याचसाठी. धुके उठेपर्यंत थांबणे हा इथला खरा उपाय आहे. त्यासाठी दिवसभराची सुट्टी लागतेच असे नाही.

वर्गातला गारठा

लहान मूल म्हणजे मोठ्या माणसाची छोटी आवृत्ती नव्हे. सहा वर्षांच्या मुलाच्या शरीरात वजनाच्या प्रत्येक किलोमागे त्वचेचे क्षेत्रफळ प्रौढाच्या सुमारे दीडपट असते. उष्णता त्वचेतूनच बाहेर पडते, म्हणून मूल लवकर गार पडते. कातडीखाली चरबीचा थर पातळ असेल, पोटात अन्न कमी असेल, तर शरीराची भट्टी पुरेशी पेटत नाही. शरीराचे तापमान ३५ अंशांच्या खाली गेले, की वैद्यकशास्त्र त्याला अल्पतापावस्था म्हणते. वर्गात बसलेल्या मुलाची स्थिती सहसा तिथपर्यंत जात नाही. पण बोटे बधिर होणे, लेखणी न धरता येणे, कुडकुडत बसणे आणि लक्ष उडणे हे त्याच्या कितीतरी आधी सुरू होते. दमा असलेल्या मुलांच्या श्वासनलिका गार, कोरड्या हवेने आकुंचन पावतात आणि धुक्यात अडकलेला धूर त्यात भर घालतो.

म्हणूनच शाळेची इमारत हा या चर्चेतला कळीचा भाग आहे. सैबेरियातील याकुत्स्क शहरात धाकट्या वर्गांना सुट्टी मिळण्यासाठी पारा साधारण उणे ४५ पर्यंत उतरावा लागतो आणि मोठ्या मुलांसाठी मर्यादा त्याहून खाली असते. तिथली मुले काही वेगळ्या मातीची नाहीत. तिथल्या शाळेत शिरले, की कोट काढून खुंटीला टांगता येतो इतकेच. उलट उदाहरण अमेरिकेतच सापडते. जानेवारी २०१८ मध्ये बाल्टिमोर शहरातील सुमारे ६० शाळांतील तापवण्याची यंत्रणा नीट चालत नव्हती. वर्गात कोट आणि हातमोजे घालून बसलेल्या मुलांची छायाचित्रे देशभर पोहोचली आणि शहराला सर्व शाळा बंद ठेवाव्या लागल्या. थंडी शेजारच्या जिल्ह्यांतही तेवढीच होती. बाल्टिमोरच्या शाळा बंद पडल्या त्या जुन्या बॉयलरमुळे.

गंगेच्या मैदानातल्या सरकारी शाळेत बॉयलरचा प्रश्नच येत नाही. खिडक्यांची तावदाने फुटलेली, दारे न लागणारी आणि मुले जमिनीवर बस्करपट्टीवर बसलेली, असे वर्ग अजून पुष्कळ आहेत. गार फरशीवर तीन-चार तास बसणाऱ्या मुलाला खोलीच्या हवेपेक्षा फरशीच जास्त थंड करते. उत्तर प्रदेशात सरकारी शाळेतील मुलांच्या पालकांच्या खात्यात गणवेश, स्वेटर, बूट-मोजे, दप्तर आणि वह्या-पेन मिळून वर्षाला १२०० रुपये जमा केले जातात. योजना चांगली आहे. पण एवढ्या रकमेत हे सगळे बसवताना स्वेटर कसला येणार, हे कोणीही ओळखू शकेल. तावदाने बसवणे, बाक पुरवणे, पैसे नोव्हेंबरच्या आधी पोहोचवणे ही कामे जिल्हाधिकाऱ्यांच्या आदेशाइतकी बातमीत येत नाहीत, पण वर्गातली थंडी यांनीच कमी होते.

आणि घरी?

शाळा बंद ठेवण्याच्या आदेशात एक गृहीत धरलेले असते: मूल घरी सुरक्षित आणि उबदार असेल. हे गृहीतक तपासले जात नाही.

जागतिक आरोग्य संघटनेने २०१८ मध्ये घरे आणि आरोग्य याविषयी मार्गदर्शक तत्त्वे प्रसिद्ध केली. थंडीच्या मोसमात घरातील तापमान किमान १८ अंश असावे, असे त्यांत सुचवले आहे. धुक्याच्या आठवड्यात उत्तर भारतातील बहुसंख्य घरांत हा आकडा गाठला जात नाही. पत्र्याच्या किंवा ताडपत्रीच्या घरात तर बाहेर आणि आत असा फरकच उरत नाही. आई-वडील मजुरीला गेलेले असतात, धाकट्याला सांभाळणारी दहा वर्षांची बहीण असते आणि ऊब मिळवण्याचे साधन म्हणजे कोळशाची शेगडी.

या शेगडीचा धोका दर हिवाळ्यात बळी घेतो. बंद खोलीत कोळसा किंवा लाकूड धुमसत राहिले, की कार्बन मोनॉक्साइड वायू तयार होतो. त्याला रंग नाही, वास नाही. रक्तातील हिमोग्लोबिनशी तो ऑक्सिजनच्या दोनशेहून अधिक पट घट्ट चिकटतो. डोके दुखते, मळमळते, झोप येते. माणूस थकव्याने झोपला असे वाटते आणि पुन्हा उठत नाही. झोपण्याआधी शेगडी खोलीबाहेर ठेवणे आणि खिडकी फटीएवढी तरी उघडी ठेवणे, हे साधे पथ्य शाळेच्या सुट्टीच्या आदेशाबरोबरच घराघरांत पोहोचायला हवे.

श्रीमंत देशही यातून सुटलेले नाहीत. फेब्रुवारी २०२१ मध्ये अमेरिकेच्या टेक्सास राज्यात हिमवादळाने वीजव्यवस्था कोलमडली. शाळा बंद होत्या आणि ४५ लाखांहून अधिक घरे अंधारात व गारठ्यात होती. राज्याच्या आरोग्य विभागाने अखेरीस २४६ मृत्यूंची नोंद केली. त्यांतले बहुतेक शरीर गार पडल्याने झाले होते. ऊब मिळवण्यासाठी घरात मोटारी, जनित्रे किंवा कोळशाच्या शेगड्या चालवल्याने विषबाधा झालेलेही बरेच होते. जिथे घर शाळेपेक्षा गार असते, तिथे मुलांना घरी पाठवून सुरक्षितता वाढत नाही.

दुसरी गोष्ट पोटाची. प्रधानमंत्री पोषण योजनेनुसार प्राथमिक शाळेतील मुलाला रोज ४५० उष्मांक आणि १२ ग्रॅम प्रथिने, तर उच्च प्राथमिकच्या मुलाला ७०० उष्मांक आणि २० ग्रॅम प्रथिने मिळणे अपेक्षित आहे. थंडीत शरीराला ऊब टिकवण्यासाठी जास्त अन्न लागते आणि नेमक्या त्याच दिवसांत शाळेची चूल थंड पडते. दहा दिवस शाळा बंद राहिली, तर मुलाला दहा गरम जेवणे कमी मिळतात. ज्या घरात दुपारी चूल पेटत नाही, तिथे हा तोटा नुसता हिशेबाचा राहत नाही.

अभ्यासाचे नुकसान किती?

सुट्टीने अभ्यास बुडतो, हा पाठक यांच्या पत्रामागचा युक्तिवाद होता. यावर अमेरिकेत झालेले दोन अभ्यास परस्परविरोधी वाटतात, पण एकत्र वाचले तर उपयोगी पडतात. मेरीलँड राज्यातील शाळांच्या अभ्यासात डेव्ह मार्कोट आणि स्टीव्हन हेमेल्ट यांना असे आढळले, की सरासरी पाच दिवस अचानक बंद पडलेल्या वर्षी तिसरीत समाधानकारक गुण मिळवणाऱ्या मुलांचे प्रमाण, एकही दिवस बंद न पडलेल्या वर्षापेक्षा जवळपास तीन टक्क्यांनी कमी होते. मॅसॅच्युसेट्स राज्यातील आकडेवारी तपासणाऱ्या जोशुआ गुडमन यांना २०१४ मध्ये वेगळे चित्र दिसले. बर्फामुळे पूर्ण शाळा बंद राहिल्याचा गुणांवर फारसा परिणाम नव्हता. परिणाम होता तो शाळा सुरू असताना काही मुले गैरहजर राहण्याचा.

गुडमन यांचे स्पष्टीकरण शिक्षकांना लगेच पटेल. सगळा वर्ग एकदम बुडाला, तर शिक्षक धडा जिथे थांबला तिथून पुढे सुरू करतात. निम्मी मुले आली आणि निम्मी आली नाहीत, तर आलेल्यांना थांबावे लागते आणि न आलेली मागे पडतात. थंडीत शाळा ‘सुरू’ ठेवून वर्गात पाच-दहा मुले बसलेली असतील, तर ती शाळा कागदावरच सुरू असते. मात्र मॅसॅच्युसेट्समधील निष्कर्ष वर्षाकाठी दोन-चार दिवसांच्या सुट्टीचा आहे आणि तिथे बुडालेले दिवस वर्षाअखेरीस भरून काढावे लागतात. वाढत वाढत पंधरा दिवसांवर गेलेल्या सुट्टीला तो लावता येणार नाही.

भारतात शिक्षण हक्क कायद्यानुसार पाचवीपर्यंत वर्षाला किमान २०० आणि सहावी ते आठवीसाठी २२० दिवस शाळा भरणे बंधनकारक आहे. दिल्लीसारख्या शहरात नोव्हेंबरमध्ये प्रदूषणासाठी, जानेवारीत थंडीसाठी आणि मे महिन्यात उष्णतेसाठी शाळा बंद होऊ लागल्या, तर हा हिशेब जुळवताना दमछाक होते. ऑनलाइन वर्ग हा त्यावरचा सोपा उतारा वाटतो. पण १३ फेब्रुवारी २०२४ रोजी न्यूयॉर्क शहराने हिमवादळाच्या दिवशी सुट्टीऐवजी ऑनलाइन शाळा ठेवली, तेव्हा सकाळी लाखो मुले एकदम जोडू पाहत असताना यंत्रणाच अडकली. ज्या घरात एकच मोबाइल आहे आणि तोही वडील कामावर घेऊन जातात, तिथे हा पर्याय मुळातच नाही.

आधीच ठरवलेली सुट्टी

थंडीची सुट्टी कशी असावी, याचे उदाहरण शोधायला परदेशात जायला नको. काश्मीर खोऱ्यात डिसेंबर ते फेब्रुवारी हा हिवाळी सुट्टीचा काळ शाळेच्या वर्षातच धरलेला असतो. हिमाचल प्रदेशातील उंचावरच्या शाळांतही मोठी सुट्टी उन्हाळ्यात नसून हिवाळ्यात असते. तिथे शिक्षकाला माहीत असते की कोणता धडा कधी संपवायचा आणि पालकालाही घरची तयारी करता येते. मैदानी राज्यांत हिवाळी सुट्टी आहे, पण थंड दिवसांचा मुक्काम अनेकदा तिच्यानंतरही लांबतो आणि मग रात्री नऊ वाजता आदेश निघू लागतात.

पृथ्वी तापत असताना ही चर्चा कशाला, असाही प्रश्न विचारला जातो. सरासरी हिवाळे उबदार होत आहेत, हे खरे. पण कडाक्याचे दिवस त्यामुळे नाहीसे झालेले नाहीत. उत्तर ध्रुवावर पंधरा ते पन्नास किलोमीटर उंचीवर थंड वाऱ्यांचे कडे फिरत असते. ते कमकुवत झाले, की ध्रुवीय हवा दक्षिणेकडे घसरते. २०१९ मध्ये शिकागोत तेच झाले होते. तापमानवाढीमुळे हे कडे वारंवार विस्कटते का, यावर शास्त्रज्ञांत अजून एकमत नाही. गंगेच्या मैदानातल्या थंड दिवसांना तर पाऱ्याइतकेच धुके आणि प्रदूषण कारणीभूत आहे. त्यामुळे ‘थंडी आता कमी होणारच’ या भरवशावर शाळांची तयारी सोडून देता येणार नाही.

महाराष्ट्राने काय घ्यावे

महाराष्ट्रात थंडीमुळे शाळा बंद ठेवण्याची वेळ सहसा येत नाही. पण निफाड, धुळे, नंदुरबार, जळगाव या पट्ट्यात पारा एक आकडी होतो आणि सकाळी सातच्या शाळेला निघालेले मूल पहाटेच्याच थंडीत बाहेर पडते. राज्य सरकारने फेब्रुवारी २०२४ मध्ये पूर्व प्राथमिक ते चौथीचे वर्ग सकाळी नऊच्या आधी भरवू नयेत, असा निर्णय घेतला. त्यामागे मुलांच्या झोपेचा विचार मुख्य होता, तरी हिवाळा-पावसाळ्यात पहाटे बाहेर पडून मुले आजारी पडतात, हेही कारण त्यात होते. पहाटेच्या किमान तापमानापासून मुलांना वाचवण्याचा हा सर्वांत स्वस्त उपाय आहे. तो कागदावर न राहता खासगी शाळांच्या बसच्या वेळांपर्यंत पोहोचला, तर थंडीच्या लाटेत वेगळा आदेश काढायची गरज उरणार नाही.

ज्या मुलांना शाळेला सुट्टी देऊनही उपयोग नाही, त्यांचा विचार मात्र वेगळा करावा लागेल. निवासी आश्रमशाळेतील मुलांचे घर आणि शाळा एकच. त्यांना आंघोळीला गरम पाणी, प्रत्येकाला स्वतंत्र ब्लँकेट आणि जमिनीऐवजी पलंग मिळतो का, हाच त्यांच्यासाठी थंडीचा आदेश. ऊसतोडणीचा हंगामही नेमका याच महिन्यांत असतो आणि तोडणी कामगारांची मुले फडाशेजारच्या कोप्यांत राहतात. त्यांच्यासाठी शाळेचा उबदार वर्ग आणि दुपारची खिचडी हाच थंडीपासूनचा आसरा ठरू शकतो.

थंडीत शाळा उघडी की बंद, एवढ्यावर चर्चा थांबली की जिल्हाधिकारी आणि शिक्षण विभाग एकमेकांकडे बोट दाखवत राहतात. ऑक्टोबरमध्येच जिल्ह्यागणिक पायऱ्या ठरवून जाहीर करता येतील. किमान तापमान अमुक अंशांखाली गेले तर शाळा दहाला भरेल. धुके असेल तर ते उठल्यावर बस निघेल. सलग थंड दिवस जाहीर झाले तर पाचवीपर्यंतचे वर्ग बंद राहतील आणि तोच नियम शिकवणी वर्गांनाही लागू असेल. वर्ग बंद असले तरी दुपारी बारा ते एक शाळेत गरम जेवण मिळेल आणि ज्याला घरी ऊब नाही त्याला शाळेत बसता येईल. बुडालेले दिवस कोणत्या शनिवारी भरून निघतील, हेही त्याच पत्रकात असावे. निर्णय आदल्या संध्याकाळी सहापर्यंत पालकांना कळावा. या सगळ्याला नवा कायदा लागत नाही आणि फार पैसाही लागत नाही. हवामान विभागाचा अंदाज पाच दिवस आधी हातात असताना रात्री नऊपर्यंत वाट बघत बसण्याचे कारण उरत नाही.